बर्लिनचे रान आणि दोन चाके

बर्लिन शहराच्या नैर्ऋत्येस, हाफेल नदीच्या पूर्व काठाला लागून, सुमारे तीन हजार हेक्टरांचे एक अरण्य पसरले आहे. ग्रुनेवाल्ड हे त्याचे नाव. हिरवे रान हा त्याचा अर्थ. शहराच्या लोकल गाडीतून त्याच नावाच्या स्थानकावर उतरले की थोड्याच पावलांवर देवदारांच्या जातीच्या उंच पाइन वृक्षांची आणि ओकची सावली सुरू होते. अशा वाटांवर अलीकडच्या काळात वाटाड्याबरोबर निघणाऱ्या सायकलसहलींची प्रथा पडली आहे. कोणी रुंद टायरांची, वळलेल्या हँडलची, खडीवर व मातीवर धावण्यासाठी घडविलेली सायकल घेतो. ज्याचे वय झाले आहे किंवा ज्याच्या गुडघ्यांत पूर्वीचे बळ राहिलेले नाही, तो विजेचे साहाय्य देणारी सायकल पसंत करतो. चढ आला तरी बरोबरीच्या तरुणांच्या मागे तो पडत नाही.

रान निसर्गाने दिलेले आहे आणि सायकल तेवढी माणसाने केलेली आहे, असा प्रवाशाचा समज होणे साहजिक आहे. परंतु हा समज अर्धाच खरा आहे. ग्रुनेवाल्ड आज उभे आहे ते निसर्गाच्या कृपेने जितके, तितकेच एका खरेदीखताच्या बळावर. ते खरेदीखत कसे झाले, कोणत्या संकटातून ते रान वाचले आणि कोणत्या संकटात ते पुन्हा सापडले, हा इतिहास ठाऊक असल्यावाचून त्या वाटांवरून जाणे म्हणजे देवळात जाऊन केवळ कळसाकडे पाहून परतण्यासारखे होय.

प्रारंभी हे रान राजाचे होते. ब्रांडेनबुर्गचा इलेक्टर दुसरा योआखिम याने १५४२ मध्ये तेथील तळ्याकाठी मृगयेसाठी एक वाडा बांधला. तो वाडा आजही उभा आहे, आणि त्याच्याच नावावरून पुढे साऱ्या अरण्याला ग्रुनेवाल्ड हे नाव मिळाले. शहरातील राजवाड्यापासून या मृगयावाड्याकडे जाणारी घोडेवाट म्हणजेच आजचा कुर्फ्युर्स्टेनडाम हा विख्यात रस्ता. राजाच्या शिकारीच्या वाटेचा व्यापारी पेठेत असा कायापालट व्हावा, यातच त्या शहराच्या वाढीची सारी कथा सामावलेली आहे.

१८७१ मध्ये बर्लिन नव्या जर्मन साम्राज्याची राजधानी झाली आणि शहराची वस्ती झपाट्याने फुगू लागली. कारखान्यांतील मजूर अंधाऱ्या, कोंदट चाळींत दाटीवाटीने राहत. त्याच वेळी शहराबाहेरच्या जमिनीचे भाव चढत होते. राज्याच्या तिजोरीला अरण्य विकून पैसा करण्याचा मोह पडला. कुर्फ्युर्स्टेनडाम बांधून काढणाऱ्या कंपनीला मोबदला म्हणून ग्रुनेवाल्डचे दोनशे हेक्टरांहून अधिक क्षेत्र मिळाले, आणि १८८९ पासून तेथे धनिकांच्या बंगल्यांची वसाहत उभी राहिली. झाडे तुटली, कुंपणे पडली. रविवारी हवा खाण्यासाठी सहकुटुंब रानात येणाऱ्या साध्या माणसाला हे दिसत होते. १९०४ मध्ये बर्लिनच्या दोन वृत्तपत्रांनी अरण्याच्या विनाशाविरुद्ध सह्या गोळा करण्यास आरंभ केला, तेव्हा तीस हजार नागरिकांनी त्या निवेदनावर सही केली. त्या काळात, सम्राटाच्या राज्यात, ही संख्या लहान नव्हती.

रानाचा प्रश्न केवळ सहलीचा नव्हता, पाण्याचाही होता. वाढत्या शहराला भूगर्भातील पाणी उपसून पुरविले जाई. उपसा वाढला तशी ग्रुनेवाल्डमधील तळ्यांची पातळी खाली जाऊ लागली. अखेरीस १९१३ पासून हाफेल नदीचे पाणी पंपांनी श्लाख्टेनझे या तळ्यात सोडून तळ्यांची ती मालिका भरती ठेवावी लागली. झाडे गेली तर वाळूच्या त्या जमिनीत पाणी मुरून राहणार नाही, हे जाणत्या लोकांना कळून चुकले होते.

१९११ मध्ये कायदा होऊन बर्लिन व भोवतालच्या नगरांचा एक संयुक्त संघ स्थापन झाला, आणि १९१२ पासून त्याचे कार्य सुरू झाले. अरण्ये मोकळी राखणे हे त्या संघाकडे सोपविलेल्या थोड्या कामांपैकी एक होते. प्रशियाच्या सरकारने प्रथम फार मोठी किंमत मागितली. बराच काळ घासाघीस चालली. शेवटी २७ मार्च १९१५ रोजी, युद्ध चालू असताना, करार झाला. सुमारे दहा हजार हेक्टर अरण्य पाच कोटी मार्कांना संघाच्या मालकीचे झाले. कराराची अट अशी, की ही जमीन अरण्य म्हणूनच राखावी, तीवर इमारती बांधू नयेत व तिची विक्री करू नये. या करारास चिरवनाचा करार असे नाव पडले. १९२० मध्ये बृहद्बर्लिन शहर निर्माण झाले, तेव्हा हे अरण्य वारसाहक्काने त्या शहराकडे आले.

आता दोन चाकांकडे वळू. सायकलीचा आद्य जनक कार्ल फॉन ड्रेस हा बाडेन संस्थानातील वनाधिकारी होता, हा एक मोठा अर्थपूर्ण योगायोग म्हटला पाहिजे. १२ जून १८१७ रोजी त्याने मानहाइम नगरातून आपल्या लाकडी, पायटे नसलेल्या यंत्रावर बसून, पायांनी जमीन रेटत पहिली फेरी मारली. पायटे १८६० च्या दशकात पॅरिसमध्ये लागली. सारख्या आकाराच्या दोन चाकांची, साखळीची सायकल १८८५ मध्ये इंग्लंडात स्टार्लीने बाजारात आणली, आणि १८८८ मध्ये डनलॉपच्या हवा भरलेल्या टायरने तिचे हादरे कमी केले. प्रथम श्रीमंतांचे खेळणे असलेले हे वाहन थोड्याच वर्षांत कामगाराच्या हाती आले. जर्मन कामगार-सायकलस्वारांचा 'सॉलिडारिटेट' हा संघ १८९६ मध्ये स्थापन झाला, आणि पुढे त्याचे सदस्य लाखांच्या घरात गेले. आठवड्याच्या सुट्टीला चाळीतून निघून रानात पोहोचण्याचे सर्वांत स्वस्त साधन म्हणजे सायकल. १९३३ मध्ये नाझी राजवटीने या संघावर बंदी घातली. रानात एकत्र फिरणाऱ्या कामगारांचीही त्या राजवटीला धास्ती वाटली, याची नोंद घेणे अवश्य आहे.

सायकलीनंतर रानात वेगाचा दुसरा अवतार शिरला. १९१३ मध्ये काम सुरू झालेला आणि २४ सप्टेंबर १९२१ रोजी खुला झालेला आव्हुस हा केवळ मोटारींसाठी बांधलेला रस्ता ग्रुनेवाल्डला चिरून गेला. त्यावर शर्यती भरल्या, हजारो प्रेक्षक आले, आणि रानाचे दोन तुकडे झाले ते कायमचेच. चिरवनाच्या कराराने रान विकणे थांबविले, परंतु त्याआधीच मार्ग पाडण्याची जी सोय झाली होती ती तशीच राहिली. कागदावरचा करार कितीही उत्तम असला तरी त्याच्या आधीच्या चुका तो पुसू शकत नाही, याचे हे उदाहरण होय.

या रानाच्या वेशीवर, दाह्लेम या उपनगरात, कैसर विल्हेल्म मानववंशशास्त्र संस्था होती. महाराष्ट्राच्या विदुषी इरावती कर्वे यांनी याच संस्थेत ऑयगेन फिशर यांच्या हाताखाली संशोधन करून १९३० मध्ये डॉक्टरेट मिळविली. मानवी कवट्यांच्या दोन्ही बाजूंतील फरकाचे मोजमाप हा त्यांचा विषय. वंशावरून बुद्धीची थोरवी ठरविता येते ही फिशर यांची धारणा होती. कर्वे यांच्या मोजमापांतून मात्र वंश आणि कवटीची असमानता यांचा तसा संबंध निघाला नाही, आणि आपला निष्कर्ष त्यांनी तसाच मांडला. गुरूच्या अपेक्षेपेक्षा पुराव्याला मान देण्याचे हे धैर्य त्या ठिकाणी, त्या काळात, किती दुर्मीळ होते हे पुढील घटनांनी सिद्ध केले. १८ ऑक्टोबर १९४१ रोजी ग्रुनेवाल्ड स्थानकावरून बर्लिनच्या एक हजारावर ज्यूंना घेऊन पहिली गाडी लॉजकडे गेली. नंतरच्या काळात तेथून हजारो माणसे मृत्यूकडे रवाना झाली. त्या स्थानकाच्या १७ क्रमांकाच्या फलाटावर १९९८ पासून स्मारक आहे. फलाटाच्या कडेने बसविलेल्या लोखंडी पट्ट्यांवर एकेका गाडीची तारीख, माणसांची संख्या आणि ती कोठे गेली ते कोरलेले आहे. सायकलसहलीचा आरंभ जेथून होतो तेथून हे स्थळ हाकेच्या अंतरावर आहे, आणि ज्या वाटाड्याला आपल्या कामाची जाण आहे तो तेथे थांबल्यावाचून पुढे जात नाही.

युद्ध संपले तेव्हा शहर भग्नावस्थेत होते आणि कोळसा नव्हता. लोकांनी घर उबदार ठेवण्यासाठी जळण म्हणून झाडे तोडली. शहराच्या मध्यभागी असलेल्या टीअरगार्टन या उद्यानातील सुमारे दोन लाख झाडांपैकी केवळ सातशेच्या आसपास उरली. ग्रुनेवाल्डचेही मोठे क्षेत्र उघडे पडले. १९४८-४९ च्या सोव्हिएत नाकेबंदीत ते आणखी कमी झाले. पुढे पुनर्रोपण झाले. म्हणून आज जे दाट रान दिसते त्यातील फार मोठा भाग सत्तर-ऐंशी वर्षांच्या आतबाहेरचा आहे. शहराच्या ढिगाऱ्यांचे काय करावे, हाही प्रश्न होता. नाझींनी १९३७ मध्ये सैनिकी तांत्रिक विद्यापीठाची पायाभरणी जेथे केली होती, त्याच अपुऱ्या इमारतीवर १९५० पासून दगडविटांचे ढीग टाकले गेले, आणि त्यातून सुमारे १२० मीटर उंचीची टॉयफेल्सबेर्ग ही टेकडी उभी राहिली. तिच्या माथ्यावर पाश्चात्त्य राष्ट्रांनी शीतयुद्धाच्या काळात टेहळणीचे केंद्र बांधले. १९६१ मध्ये भिंत उभी राहिल्यावर पश्चिम बर्लिनच्या नागरिकाला मोकळा श्वास घेण्यासाठी जी थोडी राने उरली त्यांत ग्रुनेवाल्ड हे प्रमुख. चिरवनाचा करार झाला नसता तर भिंतीच्या आत अडकलेल्या त्या शहराला हेही मिळाले नसते.

आज पुन्हा प्रश्न उभा राहतो आहे. विजेच्या सायकलीची कल्पना १९९३ मध्ये जपानच्या यामाहा कंपनीने बाजारात आणलेल्या साहाय्यक सायकलीतून रूढ झाली. युरोपातील नियमानुसार अशा सायकलीच्या मोटारीची शक्ती २५० वॉटपर्यंत असावी आणि ताशी २५ किलोमीटर वेगापुढे तिचे साहाय्य थांबावे. जर्मनीत ती सायकल म्हणूनच गणली जाते, म्हणून जेथे सायकल चालते तेथे तीही चालते. वृद्धांना व अशक्तांना ती रान खुले करून देते, हा तिचा मोठा गुण. परंतु ज्या वाटेवर पूर्वी दमून थांबणारे थोडेच पोहोचत, तेथे आता बरेच जण पोहोचतात. टॉयफेल्सबेर्गच्या उतारांवर मनमानी वाटा पाडणाऱ्या सायकलस्वारांविषयी तक्रारी होत असतात. पेखझे आणि बार्सझे यांसारख्या दलदलीच्या तळ्यांकाठी, जेथे दुर्मीळ वनस्पती जपल्या जातात, चाकाचा एक चुकीचा मार्ग पुष्कळ वर्षांचे काम बिघडवितो. पायी चालणारा शांततेसाठी आलेला असतो, सायकलवाला मोकळ्या वेगासाठी. दोघांचाही हक्क एकाच करारातून आलेला आहे.

रानावर काळाचेही ओझे आहे. ४ ऑगस्ट २०२२ रोजी ग्रुनेवाल्डमधील पोलिसांच्या स्फोटक-साठ्याच्या जागी स्फोट होऊन आग लागली, आणि कोरड्या पाइनच्या रानात ती पसरली. आव्हुस मार्ग व रेल्वे बंद ठेवावी लागली. दुष्काळ आणि उष्णता वाढत असल्याने नुसत्या पाइनच्या जागी ओक, बीच यांसारखी पानझडी झाडे लावून मिश्र रान निर्माण करण्याचे काम वनखात्याने हाती घेतले आहे. त्याची फळे आजच्या सायकलस्वाराच्या नातवंडांना मिळतील.

१९१५ मध्ये ज्यांनी पाच कोटी मार्क मोजले, त्यांना पुढच्या काळातील टायर किंवा मोटार ठाऊक असण्याचे कारण नव्हते. त्यांनी वाहनाचा विचार केलाच नाही. रान कोणाचे, एवढाच प्रश्न त्यांनी सोडविला. आता उरलेला प्रश्न वापराचा आहे आणि तो कायद्याने पूर्ण सुटणारा नाही. वाटाड्या पहिल्या वळणावर थांबून करार, फलाट आणि टेकडी यांची कथा सांगतो, आपल्या मंडळींना पायवाटेवर चालणाऱ्यास आधी जागा द्यावयास शिकवितो आणि दलदलीच्या कडेला सायकली हातात धरून चालावयास लावतो, तेव्हा त्या करारातील अटी त्याच्या कृतीतून पाळल्या जातात. खरेदीखत जपून ठेवणे हे दप्तराचे काम आहे. त्यातील शब्द पाळणे हे मात्र रानात शिरणाऱ्या प्रत्येकाचे.