दिनविशेष : १८ एप्रिल – ‘कॅप्टन व्हिडिओ’ अल हॉज यांचा जन्म
१९१२ : अमेरिकी टीव्हीच्या सुरुवातीच्या काळातील अभिनेते अल हॉज यांचा ओहायोतील रॅव्हेना येथे जन्म. रेडिओवर ‘ग्रीन हॉर्नेट’चा आवाज म्हणून नाव कमावल्यावर ड्युमॉन्ट वाहिनीच्या ‘कॅप्टन व्हिडिओ’ या अंतराळमालिकेत रिचर्ड कूगन यांच्या जागी ते नायक झाले. प्रक्षेपण थेट; संवाद चुकला तर पुन्हा घ्यायची सोय नाही. साहित्यासाठी आठवड्याला जेमतेम २५ डॉलर, म्हणून यानातली यंत्रेही पुठ्ठ्याची. मालिकेत ‘ठार मारणे’ हा शब्दही आम्ही टाळतो, असे त्यांनी १९५४ मध्ये सिनेटच्या उपसमितीपुढे सांगितले. १९५५ मध्ये मालिका संपली. कॅप्टनच्या गणवेशाची छाप मात्र पुसली गेली नाही आणि कामे आटली. १९ मार्च १९७९ रोजी न्यूयॉर्कमध्ये त्यांचे निधन झाले.