घातांकांचा गुणाकार आणि परभणीचा पाऊस
परभणी जिल्ह्याचे क्षेत्रफळ सुमारे ६,२०० चौरस किलोमीटर, म्हणजेच ६.२ × १०^९ चौरस मीटर आहे (^ या चिन्हापुढील संख्या हा घातांक). जिल्हाभर सरासरी २५ मिलिमीटर, अर्थात २.५ × १०^(−२) मीटर पाऊस झाल्यास किती पाणी पडेल?

प्रथम आरंभीच्या संख्यांचा गुणाकार करावा: ६.२ × २.५ = १५.५. नंतर घातांकांची बेरीज करावी: ९ + (−२) = ७. आरंभीची संख्या दहापेक्षा लहान हवी. म्हणून दशांशचिन्ह एक स्थान डावीकडे नेऊन घातांक एकाने वाढवावा. उत्तर १.५५ × १०^८, म्हणजे साडेपंधरा कोटी घनमीटर.

पूर्णा नदीवरील येलदरी धरणाचा उपयुक्त साठा सुमारे ८१ कोटी घनमीटर आहे. घातांकाचे उणे चिन्ह विसरल्यास उत्तर दहा हजार पटींनी फुगते व एका पावसात अशी सुमारे १,९०० धरणे भरतात! म्हणून उत्तर नेहमी परिचित मापाशी ताडून पाहावे.