पथविक्रेत्यांचे हक्क : कायद्याचे संरक्षण आणि त्याच्या मर्यादा

रस्त्याच्या कडेला भाजी, फळे, कपडे किंवा खाद्यपदार्थ विकणाऱ्या व्यक्तीकडे शहरांचे प्रशासन दीर्घकाळ केवळ अतिक्रमण म्हणून पाहत आले. संसदेने २०१४ मध्ये संमत केलेल्या पथविक्रेते (उपजीविका संरक्षण व पथविक्री विनियमन) अधिनियमाने या दृष्टिकोनाला छेद दिला. १ मे २०१४ पासून लागू झालेल्या या केंद्रीय कायद्याने पथविक्रीला उपजीविकेचे साधन म्हणून मान्यता दिली आणि तिच्या नियमनाची जबाबदारी स्थानिक स्वराज्य संस्थांवर सोपवली.

न्यायालयीन पार्श्वभूमी

उपजीविकेचा हक्क हा राज्यघटनेच्या अनुच्छेद २१ मधील जीविताच्या हक्काचा भाग असल्याचे सर्वोच्च न्यायालयाने मुंबईतील पदपथवासीयांशी संबंधित ओल्गा टेलिस प्रकरणात १९८५ मध्ये स्पष्ट केले. दिल्लीतील सोदान सिंग प्रकरणात १९८९ मध्ये न्यायालयाने रस्त्यावर व्यवसाय करणे हे अनुच्छेद १९(१)(छ) अन्वये व्यवसायस्वातंत्र्यात मोडते, मात्र त्यावर वाजवी निर्बंध घालता येतात, असा निर्णय दिला. केंद्राने २००४ व २००९ मध्ये राष्ट्रीय धोरणे जाहीर केली. परंतु धोरणाला कायद्याचे बळ नव्हते. गेंदा राम प्रकरणात २०१० मध्ये न्यायालयाने याविषयी कायदा करण्याचे निर्देश दिले आणि त्यातून पुढील प्रक्रियेला गती मिळाली.

सर्वेक्षण आणि प्रमाणपत्र

या कायद्याचा पाया सर्वेक्षण हा आहे. प्रत्येक शहरात किमान पाच वर्षांतून एकदा पथविक्रेत्यांचे सर्वेक्षण होणे बंधनकारक आहे. त्यात आढळलेल्या सर्व विक्रेत्यांना विक्री क्षेत्रांत सामावून घ्यावे लागते. मात्र त्यांची संख्या प्रभाग, विभाग किंवा शहराच्या लोकसंख्येच्या अडीच टक्क्यांहून अधिक असू नये, अशी मर्यादा आहे. सर्वेक्षण पूर्ण होऊन सर्वांना विक्री प्रमाणपत्रे मिळेपर्यंत कोणाही विक्रेत्याला हटवता येणार नाही, असे कलम ३ सांगते.

प्रमाणपत्रासाठी वयाची १४ वर्षे पूर्ण असावी लागतात. व्यवसाय स्वतः किंवा कुटुंबीयांमार्फतच करू, उपजीविकेचे अन्य साधन नाही आणि प्रमाणपत्र हस्तांतरित करणार नाही किंवा भाड्याने देणार नाही, असे हमीपत्र अर्जदाराने द्यावयाचे असते. एका जागी बसणारे आणि फिरते, असे विक्रेत्यांचे मुख्य प्रकार आहेत. प्रमाणपत्रधारकाला ओळखपत्रही मिळते. त्याचा मृत्यू झाल्यास किंवा कायमचे अपंगत्व आल्यास जोडीदार अथवा अवलंबून असलेल्या अपत्याला प्रमाणपत्राच्या मुदतीपर्यंत व्यवसाय करता येतो. अटींचा भंग झाल्यास प्रमाणपत्र रद्द करता येते. परंतु त्याआधी विक्रेत्याचे म्हणणे ऐकून घ्यावे लागते.

माल जप्त झाल्यास

जागा बदलण्यासाठी किंवा हटवण्यासाठी ३० दिवसांची नोटीस देणे आवश्यक आहे. मुदतीनंतरही जागा न सोडणाऱ्यास प्रतिदिन २५० रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. दंडाची रक्कम जप्त मालाच्या किमतीहून अधिक असू शकत नाही. माल जप्त करताना त्याची यादी करून स्वाक्षरी केलेली प्रत विक्रेत्याला द्यावी लागते. विहित शुल्क भरून मागणी केल्यावर टिकाऊ माल दोन कामकाजाच्या दिवसांत, तर नाशवंत माल त्याच दिवशी परत करावयाचा असतो. दिवसाच्या विक्रीवर घर चालवणाऱ्या भाजी किंवा फळविक्रेत्यासाठी ही तरतूद सर्वांत मोलाची आहे. यादीच मिळाली नाही, तर नेमका किती माल गेला हे सिद्ध करणे त्याला कठीण जाते.

प्रमाणपत्राच्या अटींनुसार व्यवसाय करणाऱ्यास अन्य कायद्याचा आधार घेऊन पोलीस किंवा अन्य कोणी रोखू शकत नाही, असे कलम २७ मध्ये नमूद आहे. तक्रारींसाठी माजी दिवाणी न्यायाधीश किंवा न्यायदंडाधिकाऱ्याच्या अध्यक्षतेखाली समिती नेमण्याची तरतूद आहे.

नगर पथविक्रेता समिती

महापालिका आयुक्त किंवा मुख्याधिकारी या समितीचे अध्यक्ष असतात. समितीत किमान ४० टक्के सदस्य पथविक्रेत्यांनी आपल्यातून निवडून दिलेले असावे लागतात आणि त्यांत एक तृतीयांश महिला असणे बंधनकारक आहे. सर्वेक्षण, प्रमाणपत्रे व विक्री क्षेत्रे यांविषयीच्या प्रक्रियेत समितीची भूमिका मध्यवर्ती असल्याने तिची स्थापना लांबली की पुढचे सारेच रखडते. मुंबईत २०१४ च्या सर्वेक्षणात सुमारे ९९ हजार अर्ज आले होते. समितीच्या निवडणुकीचे मतदान मात्र २०२४ मध्ये झाले आणि मतदारयादीत सुमारे ३२ हजार विक्रेते होते.

मर्यादा

हा कायदा रेल्वेच्या जमिनीला लागू नाही. विक्री क्षेत्रातील जागेवर तात्पुरता किंवा कायमचा मालकीसदृश हक्कही त्यातून निर्माण होत नाही. मुंबई उच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०१७ मध्ये रेल्वे स्थानकांपासून १५० मीटर, तर शाळा, रुग्णालये व प्रार्थनास्थळांपासून १०० मीटर अंतरात विक्रीस मनाई कायम ठेवली. दुसऱ्या बाजूने, सर्वेक्षणात नोंदला गेलेला नैसर्गिक बाजार ना-विक्री क्षेत्र घोषित करता येत नाही, हेही कायद्याच्या परिशिष्टात स्पष्ट आहे.

कर्जाची सोय

जून २०२० मध्ये सुरू झालेल्या पीएम स्वनिधी योजनेत प्रारंभी १० हजार रुपयांचे विनातारण खेळते भांडवल मिळत असे. ऑगस्ट २०२५ मधील फेररचनेनुसार पहिला हप्ता १५ हजार, दुसरा २५ हजार व तिसरा ५० हजार रुपयांचा असून कर्जवाटपाची मुदत ३१ मार्च २०३० पर्यंत आहे. सर्वेक्षणातून वगळलेल्या विक्रेत्यांसाठी स्थानिक संस्था किंवा नगर पथविक्रेता समितीच्या शिफारसपत्राचा पर्याय ठेवण्यात आला. मात्र कर्जासाठीचे शिफारसपत्र म्हणजे विक्री प्रमाणपत्र नव्हे. कायद्याचे पूर्ण संरक्षण हवे असल्यास सर्वेक्षणाची नोंद, प्रमाणपत्र व ओळखपत्र ही कागदपत्रे जवळ असणे विक्रेत्याच्या हिताचे ठरते.