वनहक्क : जंगल राखण्याचा कायदेशीर आधार

1853 मध्ये वऱ्हाडाचा एक तह झाला. फौजेच्या खर्चापोटी निजामाने हा मुलूख इंग्रजांच्या ताब्यात दिला आणि त्यासोबत मेळघाटचे जंगलही गेले. तिथे पिढ्यान्‌पिढ्या राहणाऱ्या कोरकू आदिवासींना कोणी विचारले नाही.

त्याच दशकात अमेरिकेच्या वायव्य किनाऱ्यावर मूळनिवासी जमातींशी तह झाले. जमिनी गेल्या, पण मासेमारीचा हक्क कागदावर उरला. 1974 मध्ये न्यायाधीश बोल्ट यांनी त्यावरून धरता येण्याजोगी निम्मी मासळी जमातींची ठरवली. पुढे न्यायालयांनी त्याहून मोलाचे सूत्र मांडले : मासे धरण्याच्या हक्कात नदीत मासे असणे गृहीतच आहे. म्हणून सामन माशांची वाट अडवणाऱ्या रस्त्याखालच्या मोऱ्या दुरुस्त करणे राज्य सरकारला भाग पडले. 2018 मध्ये सर्वोच्च न्यायालयातही हा निकाल कायम राहिला.

आपल्याकडे तह नाही, 2006 चा वनहक्क कायदा आहे. मात्र अमेरिकेत जे न्यायालयाला अर्थ लावून काढावे लागले, ते इथे कलम 3 मध्ये थेट लिहिलेले आहे : सामूहिक वनाचे संरक्षण, पुनर्निर्माण आणि व्यवस्थापन हा गावाचा हक्क. कलम 5 ग्रामसभेला वनाची हानी थांबवण्याचा अधिकार देते.

अचलपूर तालुक्यातील पायविहीरला 2012 मध्ये सुमारे 193 हेक्टरांवर असा हक्क मिळाला. जमीन उजाड, जागोजागी घाणेरी. लोकांनी ती उपटली, रोजगार हमीतून माती-पाण्याची कामे केली, झाडे लावली, चराई-तोडीवर नियम घातले. सीताफळ आणि तेंदूपत्ता यांचा पैसा गावात येऊ लागला. 2014 मध्ये जैवविविधता पुरस्कारही मिळाला. माझ्या मते पुरस्कारापेक्षा सीताफळाचा पैसा महत्त्वाचा. राखण फुकट फार काळ होत नाही.

अकोटकडे चित्र उलटे आहे. मेळघाट व्याघ्र प्रकल्पातली अनेक गावे उठवून अकोला जिल्ह्यात वसवली. 2008 च्या योजनेत कुटुंबामागे 10 लाख रुपये ठरले. वनहक्क कायद्याच्या कलम 4 नुसार आधी हक्क निश्चित व्हावेत आणि ग्रामसभेची लेखी संमती असावी. प्रत्यक्षात असमाधान इतके साचले, की जानेवारी 2019 मध्ये पुनर्वसित लोक जंगलात परतले आणि वनकर्मचाऱ्यांशी चकमक झाली. वाघाला मोकळी जागा मिळाली, हे खरेच. पण पैसे कुटुंबाला मिळतात आणि सामूहिक हक्क ग्रामसभेचा असतो. गाव उठले की ती ग्रामसभाही त्या जंगलात राहत नाही. उद्या तिथे रस्ता किंवा खाण आली, तर हक्काने हरकत घेणारा पक्षच उरलेला नसतो.