मांडीवर बसून रडण्याची गोष्ट

मागे एकदा आम्ही एल.एफ.सी. घेऊन अंदमानला गेलो. एल.एफ.सी. म्हणजे बँकेच्या पैशाने प्रवास. आणि तिची मुदत संपत आली की बँकेतला कारकून नकाशावरचं सगळ्यांत लांबचं टोक शोधतो. मराठी माणूस अंदमानला गेला की सेल्युलर जेल पाहतो, सावरकरांच्या कोठडीपुढे हात जोडतो, डोळे पुसतो आणि बाहेर येऊन शहाळं पितो. आम्हीही तेच केलं. फक्त डोळे पुसण्याचं खातं सौ.कडे होतं. माझे डोळे कोरडे ठणठणीत. “दगड आहात नुसते!” असा शेरा मारून तिनं शहाळ्यातली मलई एकटीनं खाल्ली.

परत आल्यावर वाचनालयात एक जाडजूड इंग्रजी पुस्तक हाती लागलं. ‘दि अंदमान आयलँडर्स’, साल १९२२, लेखक रॅडक्लिफ-ब्राऊन. हा गृहस्थ १९०६ ते १९०८ च्या काळात, पंचविशीत, केंब्रिजहून अंदमानात आला आणि तिथल्या मूळच्या रहिवाशांत राहिला. सावरकर तिथे पोचले १९११ साली. म्हणजे आपण ज्याला काळं पाणी म्हणतो, तिथे काही माणसांची घरं होती, हे मला वयाच्या सेहेचाळिसाव्या वर्षी कळलं.

या लोकांत रडणं हा रिवाज होता. दोन भाऊ, बाप-लेक, मायलेकी, कुणीही काही आठवड्यांनी भेटले की एकानं दुसऱ्याच्या मांडीवर बसायचं, गळ्यात हात टाकायचे आणि दोघांनी मिळून दोन-तीन मिनिटं, दमेपर्यंत, मोठ्यानं रडायचं. मग बोलणं. नवरा-बायको भेटले तर नवऱ्यानं बायकोच्या मांडीवर बसायचं. हे मी सौ.ला मुद्दाम मोठ्यानं वाचून दाखवलं. तिनं मला नखशिखान्त न्याहाळलं आणि म्हणाली, “त्यांचे नवरे हडकुळे असतील.”

ब्राऊनसाहेबानं काय करावं? त्यानं सांगितलं, कसं रडता ते दाखवा. दोघे-तिघे खाली बसले आणि तिथल्या तिथे खरीखुरी आसवं गाळू लागले! आमच्या शाखेत निरोपसमारंभाला तासभर भाषणं होऊनही डोळ्यांत पाणी येत नाही. आलंच तर ते समोशातल्या मिरचीनं. पण साहेब या लोकांना नाटकी म्हणत नाही. त्याचं म्हणणं असं की, हे रडणं दुःख झालं म्हणून नव्हे, तर नातं अजून शाबूत आहे हे एकमेकांना पटवण्यासाठी असतं. रडण्याचे सात प्रसंग त्यानं मोजलेत. मृत्यू आहेच, पण लग्नही आहे. त्यातल्या चार प्रसंगी एकानं दुसऱ्यासाठी रडायचं, आणि तिनात दोघांनीही. मी कॉमर्सचा, मला हे लगेच समजलं. ही दुहेरी नोंद!

त्या तिनांतला एक प्रसंग भांडण मिटवण्याचा. उत्तर अंदमानात एका टोळीचे पुरुष ओळीनं निमूट उभे राहत. दुसरी टोळी नाचत येई आणि एकेकाला धरून गदगदा हलवी. नंतर बायकाही येऊन हलवत. (हे काम त्या मन लावून करत असणार.) उभ्या असलेल्यानं भ्यायचं नाही, चिडायचं नाही. मग दोन्ही टोळ्या एकत्र बसून रडत, धनुष्यांची अदलाबदल करत आणि पुढे काही दिवस एकत्र शिकार करत. घराच्या वाटणीवरून माझा थोरला भाऊ आणि मी तीन वर्षं एकमेकांशी बोललो नव्हतो. आमचा समेट झाला तो तहसील कचेरीत. सह्या केल्या, बाहेर टपरीवर चहा घेतला आणि पैसे ज्याचे त्यानं दिले.

पुस्तक मिटलं तरी एक आकडा डोक्यातून जाईना. १८५८ साली इंग्रजांनी तिथे कैद्यांची वसाहत केली. मूळच्या लोकांना माणसाळवण्यासाठी ‘अंदमान होम’ नावाची घरं काढली. १८७७ साली गोवराची साथ आली. इतर रोग होतेच. ग्रेट अंदमानी लोकांची शिरगणती १९०१ साली ६२५ भरली. पुढच्या मोजणीत ४५५, मग २०९. १९३१ ला ९०. १९६१ ला १९. बँकेत एखादं खातं असं उतरत गेलं तर आम्ही खातेदाराला पत्र पाठवतो. इथे शिरगणतीवाले दर दहा वर्षांनी आकडा लिहून परत गेले.

थोडे वंशज आजही आहेत. ते हिंदी बोलतात. पण ‘बो’ ही त्यांच्यातली एक भाषा बोलणारी शेवटची बाई, बोआ, २०१० सालच्या जानेवारीत गेली. तिची भाषा टिपून ठेवणाऱ्या अन्विता अब्बींनी सांगितलंय की, त्या भाषेत बोलायला माणूस उरला नाही म्हणून ही म्हातारी पाखरांशी बोलायची. पाखरांच्या मांडीवर काही बसता येत नाही.

गेल्या दिवाळीत दादा पाच वर्षांनी आमच्याकडे आला. मी दार उघडलं. मांडी नजरेसमोर येऊन गेली, पण तोंडातून शब्द निघाले, “गाडी वेळेवर आली का?” तो म्हणाला, “पंचवीस मिनिटं लेट.” दोन दिवस आम्ही पाणीटंचाईवर बोललो.

परत जाताना त्याला एस.टी. स्टँडवर सोडायला गेलो. निरोपाचाही रिवाज ब्राऊननं लिहून ठेवलाय. समोरच्याचा हात धरून आपल्या तोंडाजवळ न्यायचा आणि त्यावर हलकेच फुंकर घालायची. गाडी लागली. दादानं पिशवी खांद्याला अडकवली. मी त्याचा हात धरला आणि निम्म्यापर्यंत वर आणला.

“काय रे, नाडी बघतोस काय?” दादा म्हणाला. पण हात काही काढून घेतला नाही.

कंडक्टरनं घंटी दिली.