जे घडले नाही त्याचा इतिहास

इतिहासात जिंकलेल्या किल्ल्यांची नोंद होते. ज्या तटावर शत्रूला चढताच आले नाही, त्या तटावरच्या पहारेकऱ्याचे नाव सहसा कोणी लिहून ठेवीत नाही. खेळाच्या इतिहासातही हाच न्याय चालतो. म्हणून आज आम्ही एका पहारेकऱ्याची कथा सांगणार आहोत. त्याचे नाव विल्यम मेरिमन. हा इंग्रजी लष्कराच्या ‘रॉयल एंजिनिअर्स’ दलातील अधिकारी आणि त्या दलाच्या फुटबॉल संघाचा गोलरक्षक.

त्या काळी गोलरक्षक ही संस्थाच नवी होती. चेंडू हाताने अडविण्याचा त्याचा अधिकार नियमांत आला तो १८७१ साली. गोलाला जाळे नव्हते. दोन खांबांमध्ये आठ फुटांवर नुसती फीत बांधलेली असे. खेळणारे सारे हौशी होते; वेतनाचा प्रश्नच नव्हता.

१६ मार्च १८७२ रोजी लंडनच्या ओव्हल मैदानावर एफ. ए. चषकाचा पहिलाच अंतिम सामना झाला. प्रेक्षक सुमारे दोन हजार. प्रतिपक्ष वाँडरर्स. खेळ नुकताच सुरू झाला तोच एंजिनिअर्सच्या लेफ्टनंट क्रेसवेलचे गळ्याजवळचे हाड मोडले. बदली खेळाडू घेण्याची सोय नव्हती. तरी तो वीर मैदान सोडून गेला नाही. थोड्याच वेळात बेट्स याने गोल केला आणि त्या एकाच गोलाने चषक गेला. पुढे उरलेल्या साऱ्या वेळात मेरिमनने दुसरा गोल होऊ दिला नाही; पण जगाच्या स्मरणात राहिला तो बेट्स.

१८७४ साली एंजिनिअर्स पुन्हा अंतिम सामन्यात आले. ऑक्सफर्ड विद्यापीठाने त्यांना २–० असे हरविले. दोनदा चषक हाताशी येऊन निसटला! एखादा माणूस कंटाळून घरी बसला असता. मेरिमन तर तेव्हा पस्तिशीचा होता.

पण १८७५ साली तोच, आता मेजर मेरिमन, संघनायक म्हणून पुन्हा त्या खांबांमध्ये उभा राहिला. ओल्ड इटोनियन्सशी १३ मार्चचा सामना १–१ असा बरोबरीत सुटला. तीन दिवसांनी पुन्हा गाठ पडली, आणि एंजिनिअर्सनी २–० असा विजय मिळविला. त्या संघातील रेनी-टेल्युअर हा नामांकित आघाडीचा खेळाडू मसुरीला, म्हणजे आपल्याच देशात, जन्मलेला होता. गोल करणाऱ्यांचे कौतुक झाले, ते योग्यच होते. पण त्या ‘दोन’पुढच्या शून्याकडेही आपण पाहावे. ते शून्य मेरिमनचे आणि त्याच्या बचावफळीचे आहे.

अंतिम फेरीचे चार सामने आणि मिळून चारच गोल झाले, एवढाच त्याचा जमाखर्च. किती अडविले, हे कोणी मोजले नाही. आमच्या मते, राखणाऱ्याचे मोठेपण याच न मोजलेल्या खात्यात असते. आपल्या गावातही, घरातही, काही अनिष्ट घडू न देणारी माणसे असतात. त्यांचा इतिहास लिहिला जात नाही. निदान त्यांची आठवण ठेवावी, एवढेच आमचे मागणे आहे.