घड्याळाचा ठोका

आमचा आज्जा कोहिनूर गावच्या भजनात पखवाज धरायचा. सिनेमाची गोष्ट सांगायला बसला, की तो आधी पैशांचं सांगायचा. तेव्हा आमचा मुलूख निजामाच्या राज्यात, चलन हाली रुपयाचं. सोलापूर इंग्रजांकडे, तिथं कलदार. खळं उरकलं की बाजाराच्या निमित्तानं सोलापूर गाठायचं, हाली मोडून कलदार घ्यायचे आणि तंबाखूचे पैसे वाचवून थेटरात शिरायचं. 'कुंकू' त्यानं असाच पाहिला.

परत आल्यावर भजनातल्या गड्यांनी विचारलं, गाणी कशी हैत? आज्जा म्हणाला, "गाणी हैत की. पण त्या घराचा आवाज लई हाय." मग पितळी तांब्यावर नखानं टक्, टक् करत भिंतीवरचं घड्याळ वाजवून दाखवायचा. म्हातारा नवरा, कोवळी बायको आणि दोघांच्या मधे ते घड्याळ. दिवा मालवल्यावर तो तांब्या ऐकताना मी गोधडी डोक्यावरून ओढून घ्यायचो.

पुढं वाचनात आलं आणि आज्जाच्या कानाचं नवल वाटलं. १९३७च्या 'कुंकू'ला व्ही. शांतारामांनी पार्श्वसंगीत दिलंच नव्हतं. प्रसंगात जे वाजेल तेवढंच ऐकू येतं. नायिका शांता आपटे ग्रामोफोनवर तबकडी लावते, तेव्हा वाद्यं येतात. गाणी बांधली होती केशवराव भोळ्यांनी. हाताशी वाद्यमेळ असताना तो गप्प ठेवायचा, हे संगीतकाराला सोपं नसतं. भोळ्यांना ते पेललं, कारण त्यांनी आधी आयुष्यभर ऐकलं होतं. अमरावतीला १८९६ साली जन्मलेला हा माणूस डॉक्टरकी शिकायला मुंबईत आला आणि गाण्यात गुंतला. 'एकलव्य' नावानं त्यानं गवयांच्या गायकीवर लिहिलं. १९३३ साली 'आंधळ्यांची शाळा' या नाटकाला संगीत दिलं आणि मग 'कुंकू' काढणारी 'प्रभात' ही चित्रपटसंस्था गाठली.

'प्रभात'मध्ये ध्वनिमुद्रण विष्णुपंत दामल्यांच्या हाती होतं. त्याच दामल्यांनी फत्तेलालांबरोबर १९३६ साली 'संत तुकाराम' दिग्दर्शित केला, संगीत पुन्हा भोळ्यांचं. आवाज टिपणारा दिग्दर्शक आणि आवाज पारखणारा संगीतकार अशी ही जोडी. मुंबईत तो चित्रपट वर्षाहून अधिक चालला. त्यातला शांताराम आठवल्यांनी लिहिलेला अभंग लोकांना तुकोबांचाच वाटला. आज्जालाही वाटला होता. ते गाणं नवं आहे हे मी सांगितलं, तेव्हा तो बराच वेळ बोलला नाही. मग म्हणाला, "चाल तर आपल्याच देवळातली हाय."

भोळ्यांना याहून मोठी पावती मला माहीत नाही. गाजलेल्या संगीतकारांची नावं घेताना त्यांचं नाव आज मागं पडतं, ते पडू नये. 'कुंकू' आजही पाहायला मिळतो. एकदा रात्री, घर निजल्यावर लावा आणि घड्याळ ऐका.